प्रार्थनेमागचे वसंत देसाई

मोडनिंबच्या आमच्या बचत गटाची बैठक ‘दो आँखें बारह हाथ’मधल्या प्रार्थनेनेच सुरू होते. चाल कुणाची विचारलं, तर सगळ्याजणी गप्प! अहो, वसंत देसाईंची.

१९१२ साली जन्मलेला हा कोकणातला मुलगा कोल्हापूरला ‘प्रभात’मध्ये शिरला तो पडेल ते काम करायला. ‘शकुंतला’चं (१९४३) संगीत शांतारामबापूंनी त्यांच्यावर सोपवलं. मग आपल्या सोलापूरच्या डॉ. कोटणीसांवरचा चित्रपट (१९४६), ‘अमर भूपाळी’, ‘झनक झनक पायल बाजे’. ‘गूंज उठी शहनाई’त तर साक्षात बिस्मिल्लाखाँची सनई! १९७१च्या ‘गुड्डी’त नवख्या वाणी जयरामला त्यांनी गायला लावलं, आणि त्यातलीही प्रार्थना शाळाशाळांत पोचली. पेटी-तबला नसला तरी आम्हा बायकांना जमते, अशी त्यांची चाल.

२२ डिसेंबर १९७५ ला मुंबईत लिफ्टच्या अपघातात ते गेले. वय अवघं ६३.