हिटलरच्या जर्मनीतल्या टॉपच्या लेखिकेनं एका मराठी पत्रकाराशी गुपचूप लग्न केलं होतं

सिनेमातला रोबो म्हटलं की जुन्या जाणकारांना आठवतो १९२७ चा जर्मन मूकपट ‘मेट्रोपोलिस’. दिग्दर्शक फ्रिट्झ लँग यांचं नाव जगभर झालं. पण त्याची कादंबरी आणि पटकथा होती त्यांच्या पत्नीची, थेया फॉन हारबू यांची.

थेया यांचा जन्म १८८८ चा, बव्हेरियातला. सुरुवात नाटकातली अभिनेत्री म्हणून झाली, पण नाव झालं लेखणीमुळं. भारत न पाहताच त्यांनी भारतातल्या एका महाराजाच्या मकबऱ्यावर कादंबरी लिहिली. १९२१ मध्ये तिच्यावर सिनेमा आला. त्याच्या पटकथेवर थेया आणि लँग दोघांनी काम केलं. १९२२ मध्ये दोघांचं लग्न झालं. पुढं ‘डॉ. माबुझे’, ‘निबेलुंगेन’, ‘एम’ असे एकाहून एक सिनेमे आले.

मग थेयांच्या आयुष्यात आले आयी तेंडुलकर. जर्मनीत शिकायला गेलेला, तिथल्या पेपरात लिहिणारा हा मराठी तरुण थेयांपेक्षा दीड दशकाहून लहान होता.

१९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला. त्याच वर्षी थेया आणि लँग यांचा घटस्फोट झाला आणि लँग यांनी जर्मनी सोडली.

थेया मात्र थांबल्या. इथंच त्यांच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा विरोधाभास आहे. वंशशुद्धीचा डंका पिटणाऱ्या नाझी पक्षाच्या त्या सदस्य झाल्या, त्या राजवटीत सिनेमे लिहीत राहिल्या आणि घरी संसार एका भारतीयाशी. म्हणूनच लग्न गुपचूप उरकावं लागलं.

महायुद्ध तोंडावर आलं तेव्हा तेंडुलकर भारतात परतले. बेळगावात त्यांनी वर्तमानपत्र काढलं, इंग्रजांनी तुरुंगात टाकलं. १९४५ मध्ये सेवाग्रामला गांधीजींच्या साक्षीनं त्यांनी इंदुमती गुणाजी यांच्याशी लग्न केलं.

तिकडं युद्ध हरलेल्या जर्मनीत थेयांना ब्रिटिशांनी छावणीत ठेवलं. सुटल्यावर एकेकाळची ही स्टार लेखिका बर्लिनमध्ये पडक्या इमारतींचा ढिगारा उपसत होती. नंतर पुन्हा सिनेमाचं काम मिळालं, पण जुना दरारा आला नाही.

१९५४ मध्ये बर्लिनला त्यांच्या जुन्या सिनेमाचा खेळ झाला. तिथून बाहेर पडताना त्या पडल्या आणि काही दिवसांत, १ जुलैला गेल्या.

ही गोष्ट पुढं सविस्तर मांडली ती तेंडुलकर आणि इंदुमती यांची मुलगी लक्ष्मी तेंडुलकर धौल यांनी, ‘इन द शॅडो ऑफ फ्रीडम’ या पुस्तकात.