खाष्ट सासूमागची अंबा

१९८७ साली रविवारी सकाळी ‘रामायण’ लागलं की आमच्या अकोले गावातले रस्ते ओस पडायचे. ज्यांच्या घरी टीव्ही, त्यांच्या ओट्यापर्यंत गर्दी. अगस्ती ऋषींचं गाव आपलं, रामाचे पाय इथे लागले असं लहानपणापासून ऐकलेलं, त्यामुळे ती मालिका म्हणजे जणू घरचंच कार्य. मंथरा कैकेयीच्या कानाशी लागली तेव्हा आमच्या शेजारच्या आजींनी टीव्हीकडे बघून कडाकडा बोटं मोडली होती. ती मंथरा म्हणजे एकाहत्तर वर्षांच्या ललिता पवार!

ललिताबाई काही परक्या नव्हेत, मैत्रिणींनो. संगमनेर-कोपरगाव करत जिथे आपण पैठणी घ्यायला जातो, त्या येवल्याच्या. जन्म १८ एप्रिल १९१६चा. माहेरचं नाव अंबा. वडील लक्ष्मणराव सगुण रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी. घर खाऊनपिऊन सुखी, पण सोवळं. अशा घरातली ही मुलगी बारा-तेरा वर्षांची असताना मूकपटात उभी राहिली. बोलपट आले तशी नायिका झाली, स्वतः गाणी गायली. एवढ्यावर थांबली नाही. टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून ‘दुनिया क्या है’ हा चित्रपट तिने स्वतः काढला, तोही १९३८ साली. त्या काळात बाईने पैसा उभा करून सिनेमा काढायचा, म्हणजे केवढं धाडस बघा!

आणि मग १९४२. एका चित्रीकरणात भगवानदादांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. हात जरा जास्तच जोरात बसला. मुद्दाम नव्हे, पण व्हायचं ते झालं. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याला इजा झाली. उपचार वर्षानुवर्षं चालले. चेहरा बराचसा सावरला, डोळा मात्र कायमचा बारीक राहिला. वय अवघं सव्वीस. ज्या चेहऱ्यावर पोट, तोच असा झाला. नायिकेची कामं संपली.

दुसरी कुणी घरी बसली असती. ललिताबाईंनी तोच डोळा कामाला लावला! ‘रामशास्त्री’त (१९४४) त्या आनंदीबाई झाल्या. शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये (१९५०) सासू झाल्या आणि मग खाष्ट सासू म्हटलं की देशभर त्यांचाच चेहरा डोळ्यापुढे यायला लागला. मान थोडी तिरकी, तो डोळा बारीक केलेला... पडद्यावरची सून कापायचीच, पण थिएटरातल्या सुनाही पदर सावरून बसायच्या.

मला मात्र वाईट वाटतं ते वेगळ्याच गोष्टीचं. ‘हम दोनों’मध्ये (१९६१) त्या देव आनंदची आई आहेत. खरं तर तो त्यांच्याहून सातच वर्षांनी लहान! नायक चाळिशीतही कॉलेजकुमार आणि बाई त्याच वयात त्याची आई. हा हिशेब आपल्याला तेव्हा कधी खटकला नाही.

त्यांना नुसतं दुष्ट म्हणणारे ‘श्री ४२०’ विसरतात. त्यातली केळी विकणारी गंगामाई आठवा. आणि ‘अनाडी’तली (१९५९) मिसेस डिसा! तोंडाने फटकळ, आतून लोण्यासारखी. भाडेकरू पोराला घालूनपाडून बोलायचं आणि त्याच्यासाठी जीव टाकायचा. भेसळीच्या औषधाने ती जाते तेव्हा डोळ्यांत पाणी येतंच. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर मिळालं. १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कारही मिळाला. त्याच वर्षी ‘संपूर्ण रामायण’मध्ये त्या मंथरा झाल्या होत्या. म्हणजे रामानंद सागरांनी बोलावलं तोवर मंथरेच्या कुबडाची त्यांना चांगलीच सवय होती!

घरच्या आयुष्यात सगळं सुरळीत नव्हतं. गणपतराव पवारांशी झालेला पहिला संसार मोडला. पुढे निर्माते राजप्रकाश गुप्तांशी त्यांनी लग्न केलं, पण पवार हे नाव मात्र शेवटपर्यंत चिकटून राहिलं.

म्हातारपणी तोंडाचा कर्करोग झाला. पुण्यात औंधला राहत होत्या. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या गेल्या, तेव्हा घरात जवळ कुणीही नव्हतं. पती दवाखान्यात होते, मुलगा मुंबईला.

बोटं मोडणाऱ्या आमच्या त्या आजी तोवर थकल्या होत्या. बातमी कळली तेव्हा त्या क्षणभर गप्प झाल्या आणि मग त्यांनी विचारलं ते मंथरेबद्दल नाही, ‘अनाडी’तली ती म्हातारी का गं, एवढंच.