काळ्या जाकिटातला ब्रँडो

मार्लन ब्रँडो म्हटले की तुम्हाला ‘गॉडफादर’ आठवेल. मला आठवतो तो काळ्या चामडी जाकिटातला, मोटारसायकलवर रेललेला तरुण. १९२४ साली ओमाहा येथे जन्मलेला हा नट १९५३च्या ‘द वाइल्ड वन’मध्ये मोटारसायकल टोळीचा म्होरक्या झाला. कथेला आधार होता १९४७ साली कॅलिफोर्नियातल्या हॉलिस्टर गावी झालेल्या धुडगुसाचा. वृत्तपत्रांनी तो फुगवला, चित्रपटाने जगभर नेला. पोरे बिथरतील म्हणून ब्रिटनने १९६७पर्यंत प्रमाणपत्र नाकारले. पोरांनी मात्र ती ऐट उचललीच. ही मुले अशी का वागतात हे सांगायचे राहून गेले, दिसली ती नुसती हाणामारी, ही खंत ब्रँडोने बोलून दाखवली. २००४ साली, ८०व्या वर्षी तो गेला. पोस्टरांत मी त्याला अजून त्या मोटारसायकलवरच पाहतो.