मालकाच्याच हॉटेलच्या बाल्कनीतून मालकाविरुद्ध भाषण ठोकणारा जिम लार्किन

३१ ऑगस्ट १९१३, रविवार. डब्लिनच्या सॅकव्हिल स्ट्रीटवर पोलीसच पोलीस. कामगारांच्या सभेवर बंदी होती आणि पुढारी जिम लार्किनवर वॉरंट. तरी बोलणारच, असं त्याने जाहीर केलेलं.

इतक्यात खोटी दाढी लावलेला एक वाकलेला म्हातारा इंपिरियल हॉटेलात शिरला आणि थेट बाल्कनीत आला. तोच लार्किन. काही वाक्यं बोलतो न बोलतो तोच त्याला पकडलं. खाली झालेल्या लाठीमारात शेकडो लोक जखमी झाले. गंमत म्हणजे हॉटेल होतं विल्यम मार्टिन मर्फीचं. ट्राम कंपनीही त्याचीच आणि भांडणही त्याच्याशीच.

लार्किन लिव्हरपूलच्या गरीब आयरिश घरातला. गोदीत मुकादम असताना १९०५ च्या संपात तो मजुरांच्या बाजूने उभा राहिला आणि नोकरी घालवून बसला. पुढे डब्लिनमध्ये त्याने हमाल, गाडीवान अशा मजुरांची संघटना बांधली. मर्फीला ती ट्राम कंपनीत नको होती. २६ ऑगस्टला ट्रामवाल्यांनी भर रस्त्यात ट्राम सोडल्या. मग सुमारे ४०० मालक एकत्र आले. संघटनेशी संबंध नाही असं लिहून द्या, नाहीतर घरी बसा, अशी अट. जवळपास २० हजार कामगार बाहेर पडले.

त्यांची घरं कशी होती? त्याच आठवड्यात चर्च स्ट्रीटवरच्या जुन्या चाळवजा इमारती कोसळून ७ जण गेले. आता तर पगारही बंद. लार्किनची बहीण डेलिया लिबर्टी हॉलमध्ये बायकांना घेऊन अन्नछत्र चालवायची. इंग्लंडच्या कामगारांनी धान्याचं जहाज पाठवलं. उपाशी मुलांना काही दिवस इंग्लंडमधल्या घरी ठेवायचं ठरलं, तर त्यांचा धर्म बुडेल म्हणून चर्चने विरोध केला. मुलं उपाशीच राहिली.

१९१४ च्या सुरुवातीला लोक हरून कामावर परतले. संघटना मात्र मोडली नाही.

लार्किन अमेरिकेत गेला, तिथे तुरुंगात पडला, १९२३ ला परतला आणि स्वतःच्याच संघटनेतल्या सहकाऱ्यांशी भांडला. माणूस तसा हेकटच. १९२४ मध्ये भाऊ पीटरने वेगळी संघटना काढली. १९४७ ला लार्किन गेल्यावर मुलगा जिम ज्युनियरने ती सांभाळली. दुसरा मुलगा डेनिस डब्लिनचा महापौर झाला. दोन्ही संघटना पुन्हा एक व्हायला १९९० साल उजाडलं.