प्रमोद पती

प्रमोद पती (१९३२ – १९७५) हे भारतीय लघुपट दिग्दर्शक व अ‍ॅनिमेशनकार होते. मुंबईतील फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेत राहून त्यांनी अमूर्त प्रतिमा व ध्वनी यांवर आधारलेले प्रायोगिक लघुपट निर्माण केले.

जीवन

पती मूळचे ओडिशाचे. प्राग येथे बाहुलीपटांचे ख्यातनाम दिग्दर्शक यिरी त्रन्का यांच्याकडे त्यांनी बाहुल्यांच्या अ‍ॅनिमेशनचे शिक्षण घेतले. पुढे ते फिल्म्स डिव्हिजनमध्ये कार्यरत झाले. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या या संस्थेचे मुख्य काम सरकारी योजनांची माहिती देणारे अनुबोधपट व वृत्तपट काढणे हे होते. मुख्य चित्रपटापूर्वी असे मान्यताप्राप्त लघुपट दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक होते. १९६० च्या दशकाच्या मध्यास जाँ भौनगरी संस्थेचे मुख्य सल्लागार असताना दिग्दर्शकांना प्रयोगाची मोकळीक मिळाली. पतींचे महत्त्वाचे लघुपट त्यानंतरच्या काही वर्षांतले आहेत.

लघुपट

'एक्सप्लोरर' (१९६८) या सुमारे सात मिनिटांच्या लघुपटात निवेदन नाही. तरुणाईचे नृत्य, प्रयोगशाळा, धार्मिक विधी व चिन्हे यांची दृश्ये अतिशय वेगाने एकमेकांवर आदळतात. परंपरा आणि विज्ञान, श्रद्धा आणि जिज्ञासा यांच्यातील ताण त्यातून व्यक्त होतो. निष्कर्ष मात्र प्रेक्षकावर सोपवलेला आहे.

'क्लॅक्सप्लोजन' (१९६८) मध्ये कुटुंबनियोजनाचा सरकारी विषय त्यांनी पिक्सिलेशन तंत्राने हाताळला. या तंत्रात जिवंत माणसांचे एकेक चौकटीने चित्रण करून त्यांना बाहुल्यांसारखी गती दिली जाते. नॉर्मन मॅक्लॅरेन यांच्या 'नेबर्स' (१९५२) या कॅनडातील लघुपटामुळे हे तंत्र जगभर परिचित झाले होते. पतींनी 'ट्रिप' (१९७०) मध्ये त्याच तंत्राने मुंबईतील दैनंदिन जीवनाची क्षणभंगुरता दाखवली. 'आबिद' (१९७२) हा चित्रकार व लेखक आबिद सुरती यांच्यावरील लघुपट आहे. त्यात चित्रकार खोलीच्या भिंतीच रंगवत जातो आणि चित्र व चित्रकार यांतील सीमा पुसट होते. बासरीवादक विजय राघव राव यांचे ध्वनिसंयोजन ही 'एक्सप्लोरर' व 'आबिद' या लघुपटांची आणखी एक ओळख आहे.

महत्त्व

भारतात प्रायोगिक चित्रपटांना स्वतंत्र प्रेक्षकवर्ग नसताना पतींनी सरकारी प्रचाराच्या व्यवस्थेतूनच अशा चित्रपटांसाठी वाट काढली. १९७५ मध्ये, वयाच्या चाळिशीच्या आरंभीच, त्यांचे निधन झाले. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात नावीन्यपूर्ण चित्रपटासाठी त्यांच्या नावाने पुरस्कार दिला जातो.