चूक कबूल करणारा उस्ताद : इब्नुल हैसम

शाळेत प्रकाशाचा धडा आला की मुलं न्यूटनचं नाव पटकन सांगतात. इब्नुल हैसम म्हटलं की वर्ग गप्प होतो. मुस्लिम घरांतली मुलंही गप्प. घरी मात्र आपण मोठ्या अभिमानाने सांगतो की विज्ञान आपल्याच पूर्वजांनी जगाला दिलं. मग या पूर्वजाने नेमकं काय केलं, हे तरी आपल्याला माहीत हवं ना?

अबू अली अल-हसन इब्नुल हैसम यांचा जन्म हिजरी ३५४, म्हणजे इ.स. ९६५ च्या सुमारास आजच्या इराकमधील बसरा शहरात झाला. गणित आणि खगोलशास्त्रात त्यांचं नाव दूरवर पोहोचलं होतं. इतिहासकार इब्नुल किफ्ती यांनी त्यांची एक हकीकत लिहून ठेवली आहे. मिसरमध्ये असतो तर नाईल नदीचं पाणी आवरून दाखवलं असतं, असं ते बोलून गेले. ही गोष्ट फातिमी खलिफा अल-हाकिम यांच्या कानावर गेली. खलिफांनी त्यांना मानाने बोलावून घेतलं आणि माणसं, साहित्य देऊन नदीच्या वरच्या अंगाला पाठवलं.

वाटेत त्यांनी प्राचीन मिसरी लोकांच्या भव्य इमारती पाहिल्या. इतकं मोजमाप जाणणाऱ्या लोकांनी नाईल अडवली नाही, याला काही कारण असणार, हे त्यांच्या लक्षात आलं. अस्वानजवळ पोहोचून जागा डोळ्यांनी पाहिली आणि हे काम होणार नाही याची खात्री पटली. परत येऊन त्यांनी खलिफांसमोर आपली चूक कबूल केली. खलिफांनी त्यांना सरकारी हुद्दा दिला, पण त्यांची मर्जी कधी फिरेल याचा नेम नव्हता. जीव वाचवण्यासाठी इब्नुल हैसम यांनी वेड लागल्याचं सोंग घेतलं. त्यांना घरातच ठेवण्यात आलं. १०२१ मध्ये अल-हाकिम गेल्यावर हे सोंग संपलं. पुढे ते अल-अझहर मशिदीजवळ राहू लागले. युक्लिड आणि टॉलेमी यांच्या ग्रंथांच्या नकला हाताने लिहून विकायच्या आणि त्यावर गुजराण करायची, असं त्यांचं साधं आयुष्य होतं.

अकराव्या शतकाच्या याच पूर्वार्धात त्यांचा सात भागांचा ग्रंथ ‘किताबुल मनाजिर’ तयार झाला. डोळ्यांतून किरण बाहेर पडतात आणि वस्तूला जाऊन भिडतात, म्हणून आपल्याला दिसतं, असं युक्लिड आणि टॉलेमी मानत होते. ज्यांच्या ग्रंथांच्या नकला करून पोट भरायचं, त्यांचंच म्हणणं इब्नुल हैसम यांनी तपासून नाकारलं. प्रखर सूर्याकडे पाहिलं की डोळा दुखतो, म्हणजे बाहेरून काहीतरी डोळ्यात येतंय. वस्तूवरून आलेला प्रकाश डोळ्यात शिरतो म्हणून दिसतं, असं त्यांनी मांडलं.

त्यांचा एक प्रयोग तर घरीही करता येतो. अंधाऱ्या खोलीच्या एका बारीक छिद्रासमोर, बाहेरच्या बाजूला, वेगवेगळ्या जागी काही दिवे ठेवायचे. आत समोरच्या भिंतीवर तितकेच ठिपके पडतात. एक दिवा झाकला की त्याचाच ठिपका जातो, दिवा उघडला की परत येतो. यावरून प्रकाश सरळ रेषेत जातो, आणि छिद्रात अनेक दिव्यांचा प्रकाश एकत्र आला तरी एकमेकांत मिसळून जात नाही, हे कळतं.

टॉलेमींच्या चुकांवर त्यांनी वेगळी किताबही लिहिली. थोर माणसाने लिहिलंय म्हणून ते खरंच असेल असं धरू नये, सत्य शोधणाऱ्याने स्वतःच्या मतावरही संशय घ्यावा, हा त्यांचा नियम होता.

१०४० च्या सुमारास कैरोत त्यांचं निधन झालं. इराणमध्ये कमालुद्दीन अल-फारिसी यांनी त्यांच्या ग्रंथावर काम करून इंद्रधनुष्याचं कोडं उलगडलं. युरोपात हा ग्रंथ लॅटिनमध्ये गेला आणि १५७२ मध्ये बासेल इथे छापला गेला. डोळ्यात प्रतिमा नेमकी कुठे उमटते, हे मात्र इब्नुल हैसम यांना बरोबर सांगता आलं नव्हतं. ती पडद्यावर उमटते, हे केपलर यांनी १६०४ मध्ये दाखवलं. उस्तादांच्या नियमाने पाहिलं तर यात त्यांचा अपमान नाही, त्यांचंच काम पुढे गेलं.

पालकांना एवढंच सांगणं आहे. मुलांना हे नाव जरूर सांगा, पण नुसतं नाव पाठ करून घेऊ नका. मूल एखाद्या गोष्टीवर ‘असं का?’ विचारतं तेव्हा आपण त्याला उलट बोलू नकोस म्हणून गप्प बसवतो. आज रात्री तसं न करता तीन मेणबत्त्या आणि छिद्र पाडलेला एक पुठ्ठा घ्या, आणि मुलाला स्वतःच्या डोळ्यांनी पाहू द्या.