कार्लोस वेलो : एका हरवलेल्या चित्रपटाचा कर्ता

स्पेनच्या वायव्य टोकावरील गालिसिया हा प्रदेश शेतीचा, मासेमारीचा आणि स्थलांतराचा. जमिनीच्या चिंधड्यांवर पोट भरेना म्हणून एकोणिसाव्या शतकापासून तेथील माणसे क्यूबा, अर्जेंटिना आदी देशांकडे जहाजांनी गेली. मागे राहिल्या स्त्रिया, वृद्ध आणि पत्राची वाट. भाषा पोर्तुगीजच्या निकटची. शाळा, कचेरी आणि प्रतिष्ठा मात्र स्पॅनिशच्या वाट्याची. या समाजाला पडद्यावर आणू पाहणाऱ्या कार्लोस वेलो यांचा जन्म १९०९ मध्ये ओरेन्से प्रांतातील कार्तेये येथे झाला.

वेलो मुळात जीवशास्त्राचे विद्यार्थी. माद्रिदला शिकत असताना त्यांचे लक्ष कीटकांकडे, विशेषतः मधमाश्यांकडे होते. निरीक्षणाची ही शिस्त त्यांच्या माहितीपटांतही उतरली असावी, असे मानण्यास जागा आहे. फेर्नांदो मान्तिया यांच्यासह केलेल्या १९३४ च्या 'अल्माद्राबास' मध्ये दक्षिण स्पेनमधील ट्यूना मासेमारी आहे. जाळी, माणसे आणि मासे यांच्या हालचालींवरच तेथे भर आहे.

यानंतर १९३६ मध्ये 'गालिसिया' हा माहितीपट आला. 'सौदादे' या नावानेही तो ओळखला जातो. या शब्दाला मराठीत 'हुरहूर' जवळचा. पण त्यात दूर गेलेल्या माणसाबरोबरच दुरावलेल्या भूमीचीही ओढ सामावते. चित्रपटाचे वर्ष विसरून चालणार नाही. २८ जून १९३६ रोजी गालिसियाच्या जनतेने स्वायत्ततेच्या कायद्याला कौल दिला आणि अवघ्या तीन आठवड्यांत यादवी युद्ध सुरू झाले. फ्रँकोच्या राजवटीत ती स्वायत्तता गेली, प्रादेशिक भाषांना सार्वजनिक जीवनातून हटविण्यात आले आणि हा चित्रपटही नाहीसा झाला. ज्या समाजाने आपले रूप नुकतेच पडद्यावर पाहण्यास आरंभ केला होता, त्याच्या हातून ते रूपच गेले.

वेलो १९३९ मध्ये मेक्सिकोत निर्वासित झाले. तेथे त्यांनी वृत्तचित्रांचे काम दीर्घकाळ सांभाळले. बैलझुंजकार लुईस प्रोकुना यांच्यावरील 'तोरेरो!' (१९५६) या माहितीपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले. हुआन रुल्फो यांच्या कादंबरीवरील 'पेद्रो पारामो' (१९६७) हे त्यांचे मोठे साहस. पटकथेत कार्लोस फुएन्तेस यांचा सहभाग होता. मृतांच्या कुजबुजीने भरलेले कोमाला हे गाव मेक्सिकोचेच; परंतु ओसाड झालेल्या गालिसियन खेड्यातून आलेल्या दिग्दर्शकाला त्याची ओळख परकी वाटली नसावी. अर्थात, समीक्षकांनी हा चित्रपट फारसा उचलून धरला नाही.

त्यांचे गालिसियाशी नाते केवळ स्मरणरंजनाचे नव्हते. मेक्सिकोत १९५९ पासून निघालेल्या 'व्हिएइरोस' या गालिसियन नियतकालिकाच्या संस्थापकांत ते होते. मायदेशात ज्या भाषेची गळचेपी होत होती, तिच्यातले लेखन महासागरापलीकडे छापले जात होते! पुढे १९७५ मध्ये मेक्सिकोतील सेन्त्रो दे कापासितासिओन सिनेमातोग्राफिका या चित्रपट-शिक्षणसंस्थेचे ते पहिले संचालक झाले.

गालिसियाला स्वायत्ततेचा नवा कायदा १९८१ मध्ये मिळाला. वेलो यांचे निधन १९८८ मध्ये मेक्सिकोत झाले. 'गालिसिया' तोवर हरवलेलाच होता. एकविसाव्या शतकात रशियातील एका अभिलेखागारात त्याचा काही भाग सापडला.